कल्पवृक्षामागे

सारंगी अम्माच्या जुन्या लुगड्यात गुंडाळून
अब्बा मिरजेहून सकाळच्या गाडीनं गेले,
बोलपटाच्या कंपनीत.
माईक एकच, तो इंद्राणीच्या डोक्यावर टांगलेला.
वाजवणाऱ्यांनी दिसायचं नाही.
तबला सिंहासनाखाली,
पेटी कापसाच्या ढगात,
आणि अब्बा पुठ्ठ्याच्या कल्पवृक्षामागे,
उकिडवे.

चित्र गावात आलं ते वर्षानं.
खंदकाकडेला तंबू, जमिनीवर बसायचा एक आणा.
देव उतरले तशी शेजारची कासारीण
चपला काढून बसली.
अम्मा झाडाकडे बघत होती.

इंद्राणीनं तान घेतली, श्वासाला थांबली,
आणि स्वर्गात कुणीतरी खोकलं.

तंबू खदखदला.
"देवांनाबी पडसं होतं गं बाई!"
अम्मा हसली नाही.
तो खोकला तिनं तीन महिन्यांपूर्वी
दर्ग्यामागच्या मातीत ठेवून आलेला.

मग रोज एक आणा.
शेवटच्या खेळाला मलाही नेलं.
"आत्ता," म्हणाली,
आणि माझं मनगट इतकं आवळलं
की मला ऐकूच आलं नाही काही.

परतताना तिनं मूठ उघडली.
खडीसाखर, घामानं चिकट झालेली.
"खा," म्हणाली, "तूच खा आता."