उलट्या बाजूनं

थावरूच्या गणिताच्या वहीत
प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात एक खोकड.
अंगठ्यानं पानं सोडली फर्रर्र
की ते पळायचं, शेपूट आडवी,
आणि चव्वेचाळिसाव्या पानावर बिळात गडप.
मास्तरांनी उदाहरणं चूक दिली,
खोकडाला मात्र काही बोलले नाहीत.

बा वनमजूर.
नायगावच्या मोरांच्या रानात जाळरेषा काढायचा,
पाणवठ्यात टँकरचं पाणी सोडायचा.
तीन महिन्यांचा पगार अडकलेला,
तरी म्हणायचा, माझं रान.
याडी म्हणायची, मग तेल-मीठ मोरांकडून आण.

होळी होऊन आठ दिवस झाले होते.
टेकडीमागून घरघर आली.
आधी वाटलं, बोअरची गाडी.
बा उठून बसला. "मुरूम."
एवढंच बोलला आणि चप्पल शोधू लागला.
गार्डसाहेब बीडला, लग्नात.
त्यांचा फोन त्यांच्याही पलीकडे.

मग आम्हीच निघालो, चौघं.
बाकडे काठी. याडीकडे बॅटरी,
जिला दोन चापट्या दिल्याशिवाय उजेड सुचत नाही.
माझ्याकडे परात.
थावरूकडे वही.
"वही कशाला रे?"
"नंबर लिहायला."
नऊ वर्षांचं पोर,
पण आमच्यात तेवढं एकच शहाणं.

घाणेरीच्या जाळीत बसलो.
खाली दोन हायवा, एक जेसीबी,
टेकडीच्या बरगडीला दात लावलेला.
दातापासून वीस पावलांवर
खोकडाचं बीळ. आत तीन पिल्लं.
थावरूनं माझं मनगट धरलं,
दुसऱ्या दिवशीही वळ होता.

बा उजेडात गेला.
कुणी हसलं. कुणी म्हणालं, म्हाताऱ्या, बाजूला हो.
मी परात बडवली.
झाडांवर झोपलेला एक मोर ओरडला,
मग दुसरा, मग मोजता येईनात,
हायवाचा किन्नर टायराखाली शिरला.

तेवढ्यात याडी चालत गेली
थेट जेसीबीच्या तोंडासमोर.
बॅटरीला चापट दिली, काचेवर धरली,
आणि थांबली.
"भुऱ्या?"

आत तिचा भाऊ.
पुण्यात कंपनीत आहे म्हणून सांगितलेला,
दोन दिवाळ्या न आलेला.

इंजिन बंद झालं.
गरम लोखंड टिकटिकत होतं, तेवढंच.
"बाई, मी नुसता चालवतो. मालक येगळा."
"मग उलटा चालव," याडी म्हणाली.

पीं पीं पीं करत तो मागं गेला.

गोष्ट इथं संपली, असं सांगायला आवडलं असतं.
मामाचं काम गेलं.
आठवडाभर आमच्याकडं जेवायला,
मान खाली, भाकरी चार.
आणि वही ऑफिसनं पुरावा म्हणून नेली,
सुतळीनं बांधली,
शिक्का मारला नेमका खोकडाच्या शेपटीवर.
बांधलेल्या वहीत काही पळत नाही.

थावरूनं नवी केली. तीत जेसीबी.
पानं सोडली की दात टेकडीत घुसतो,
टेकडी अर्धी होते.
"असलं कशाला काढलंस?"
त्यानं वही फिरवली,
शेवटच्या पानावर अंगठा ठेवला
आणि सोडली.

मुरूम हायवातून उठून टेकडीत परत निघाला,
ढेकळामागं ढेकूळ,
त्यावर कुसळी गवत उभं राहिलं,
जेसीबी बारीक होत पानाबाहेर.

बानं तीनदा बघितलं.
याडीनं एकदाच. म्हणाली,
"यात मामा कुठाय तुझा?"

थावरूनं पेन्सिल जिभेला लावली
आणि काचेमागं
एक ठिपका दिला.