एकशे बारावा खड्डा

पाषाणच्या टेकडीवर आमच्या कंपनीने
चारशे खड्डे घ्यायचे ठरवले.
कागदावर जागेचं नाव होतं ओसाड.

मी चुन्याच्या खुणा करत निघालो.
एकशे बारावी खूण नेमकी
हिवराच्या बुडाशी आली.
कमरेएवढं झुडूप, पांढुरकी साल,
आणि ऐन भाद्रपदात अंगभर गोंडे,
ताकात हळदीची चिमूट पडावी तसे.

फांदी बाजूला सारली
तर काटा नखाखाली शिरला.

शेजारच्या काट्याला एक टोळ टोचलेला.
खाटकाचं काम, धुळा कोकरे म्हणाला,
शेळ्या तशाच मागे सोडून.
खाटीक म्हणजे पाखरू, साहेब. डोळ्यावर काळी पट्टी.
उद्याची भाकरी टांगून गेलंय.

आणि हे लावलं कोणी?
धुळ्याने एका काळ्या शेळीकडे बोट केलं.
हिच्या आईनं, नाहीतर आजीनं.
शेंगा खाल्ल्या, पुढे येऊन लेंड्या टाकल्या.
खड्डा नाही, फोटो नाही.

मोज्यांत कुसळं गच्च भरली होती.
उपटत बसलो.
पवन्या गवतातून काहीतरी भुर्रकन उठलं,
नाव विचारायचं राहून गेलं.
पलीकडच्या उतारावर
आधीच्या कुणी लावलेलं गिरिपुष्प,
सगळं एकाच हिरव्या रंगाचं
आणि आत
चिटपाखरूसुद्धा नाही.

संध्याकाळी रजिस्टरात लिहिलं,
खड्डे तीनशे नव्याण्णव.
शेरा – एका ठिकाणी जागा आधीच भरलेली आढळली.

साहेबांनी ‘आढळली’खाली
लाल रेघ मारली.