दर्शनी भागी

रेशन ऑफिसच्या खिडकीत मला कळलं
की माझा घटस्फोट होऊन सात महिने झालेत.
कारकुनानं चष्मा कपाळावर ढकलला, म्हणाला,
कार्डावरून नाव कमी झालंय तुमचं, ताई,
हुकूमनाम्याची प्रत जोडलीय.
मी नुसता पत्ता बदलायला गेले होते.

सात महिने कुंकू लावत होते मी
एका निकाली निघालेल्या प्रकरणाचं.

वांद्र्याला नक्कल काढली.
तीत माझं नाव, वय चुकलेलं,
आणि पुढे एकच शब्द : गैरहजर.
शाळेतही कुणी म्हटलं नव्हतं मला तसं,
गोवर असताना गेले होते मी.

मग बेलिफाचा अहवाल :
तीन वेळा गेलो. दार बंद. हाका मारल्या.
शेजारी कोणी मिळून आले नाही.
सबब समन्स दाराच्या दर्शनी भागी चिकटवले.
चौदा मार्च. सही.

चौदा मार्च?
मल्हार भुवन, करी रोड, खोली सदतीस.
जानेवारीतच बिल्डरनं नळ तोडले,
फेब्रुवारीत आम्ही सगळे प्रतीक्षानगरला,
संक्रमण शिबिरात, चौथ्या मजल्यावर.
आणि दार?
दार मी स्वतः विकलं.
सागवानी, सासऱ्यांच्या वेळचं, पितळी कोयंड्याचं.
ओशिवऱ्याचा इद्रीसभाई टेम्पो घेऊन आला,
साडेअकराशे दिले, वहीचं पान फाडून पावती दिली :
एक दार, चौकटीशिवाय. बावीस फेब्रुवारी.

कशाला चिकटवलंत हो, बेलिफसाहेब?
हवेला?

विश्रामनं शपथेवर लिहून दिलंय,
प्रतिवादीचा दुसरा ठावठिकाणा माहीत नाही.
त्याच गणपतीत त्याचा फोन आला होता मला
नालासोपाऱ्याहून,
आईच्या रक्तदाबाच्या गोळीचं नाव काय म्हणून.
मी सांगितलं. स्पेलिंगसकट.

गव्हाणकर वकीलबाईंना पावती दाखवली
तेव्हा त्या पहिल्यांदा हसल्या.
दोन अर्ज केले त्यांनी,
एक निकाल रद्द करायचा, एक उशिराची माफी मागायचा.
उशिराचं कारण काय लिहू?
म्हटलं, लिहा, बाई पाण्याच्या रांगेत होती.
त्यांनी लिहिलं : पुरेसे व सबळ कारण.

चार तारखा गेल्या.
एकदा न्यायाधीश रजेवर,
एकदा त्याचा वकील,
एकदा मीच लवकर पोचले आणि
मुलांच्या खोलीबाहेर बसून राहिले.
आत एक बाप मुलीला वीस मिनिटं भेटत होता,
दोघं मिळून प्लास्टिकचं घर जोडत होते,
छप्पर बसत नव्हतं.

चौथ्या तारखेला न्यायाधीशबाईंनी पावती उलटून पाहिली.
मागे इद्रीसभाईचा हिशेब : बिजागऱ्या आठ, कड्या तीन.
त्या काही बोलल्या नाहीत. टायपिस्टकडे वळल्या.
एकतर्फी हुकूमनामा रद्द.
उशिरापोटी अर्जदारानं पंधराशे भरावेत.
दाराचे साडेअकराशे होते जपून ठेवलेले,
साडेतीनशे वरून घातले.

म्हणजे मी परत बायको झाले.
जिन्यात विश्रामनं गाठलं,
हातात तीच जुनी रेक्झिनची बॅग, चेन तुटलेली.
आता काय, नांदायला येणार?
नाही रे बाबा.
कुठल्या कागदावर म्हणशील तिथे सही करीन,
खाडाखोड न करता.
पण मी खोलीत असताना होऊ दे.
तो म्हणाला, मग एवढं सगळं कशाला केलंस?
त्याला खरंच कळलं नव्हतं.
मी गोळ्यांचं विचारलं. चालू आहेत म्हणाला.

जोगेश्वरीत कुठे तरी
कुणाच्या तरी घराला आता माझं दार आहे.
बेल बिघडली की लोक कोयंडा वाजवत असतील,
आतून कुणी ओ देत असेल.

पुढची तारीख अकराची.
शिपायानं दारात येऊन पुकारलं,
इंदुमती विश्राम गाडी.
घाडीचं गाडी केलं त्यानं.
तरी मी उठले.