उजवा की डावा

रॉकफर्डमध्ये नोव्हेंबर संपत आलाय.
तळघरातल्या टेबलावर दोन स्क्रीन, पायाशी हीटर,
रांगेत एकशे बारा केसेस.
तासाला आठ संपवायच्या. पंचाण्णव टक्के अचूक.

एकोणिसावी उघडते. पुरुष, वय एकोणसाठ,
बोल्टच्या कारखान्यात प्रेसवर.
नाव दिसतं, पण ते मी वाचत नाही.
वाचलं की काम मंदावतं.

डॉक्टर लिंडक्विस्ट यांनी दोन ओळींत उरकलंय:
हात प्रेसखाली आला. ऑपरेशनसाठी वर पाठवला.
कुठला हात, ते लिहिलेलं नाही.

आणि मला नेमकं तेच हवं.
एस सदुसष्ट पॉइंट दोन, त्यापुढे
एक म्हणजे उजवा, दोन म्हणजे डावा,
शून्य म्हणजे कुणी सांगितलं नाही.
मग एक एक्स, नुसती जागा धरायला,
एसटीच्या खिडकीतून रुमाल टाकतात तसा.
शेवटी ए, कारण उपचार आत्ता सुरू झालेत.
बरं होत असताना डी.
जखम भरून गेल्यावरही जे मागे राहतं
त्याला एस.

शून्य टाकलं तर विमा कंपनी पैसे अडवते.
अंदाजाने एक टाकला तर माझी नोकरी जाते.
'कोडरला काही माहीत नसतं,' ड्वेन शिकवायचा,
'जे लिहिलंय तेवढंच झालंय.'

नर्सच्या नोंदीत मात्र एक वाक्य आहे, पहाटे दोन चाळीसचं:
सही वेडीवाकडी आली म्हणून रुग्ण सारखा माफी मागतो आहे.
संमतीपत्राचा स्कॅन उघडते.
पहिलीतल्या पोराने काढावीत तशी अक्षरं,
रेघेवरून खाली घसरलेली.
कुठला हात उरला होता ते मला कळतं.
कळून उपयोग नाही. सही हा पुरावा धरत नाहीत.

डॉक्टरांना प्रश्न पाठवते, ठरलेल्या मसुद्यात:
कृपया बाजू स्पष्ट करावी.
'उजवाच ना?' असं विचारायला बंदी आहे.

उत्तर येईपर्यंत हात मांडीवर ठेवून बसते.
इथे सगळ्याला एकच शब्द, क्रश.
लेक वर्गातल्या कुणा इथनबद्दल बोलते तेव्हाही तोच.
आपल्याकडे मिरची ठेचतात, डाळ भरडतात,
माणसं गर्दीत चेंगरतात, चाकाखाली चिरडतात,
नवी साडी चुरगळते.
आणि मशीनमध्ये हात
सापडतो.

कुपवाडच्या फाउंड्रीतून एक माणूस सायकलवर आला होता.
दारातूनच म्हणाला, वहिनी, अण्णांचा हात सापडला.
आईने स्टोव्ह विझवला, अनवाणीच निघाली.
मी सहा वर्षांची. तिच्यामागे ओरडत धावले,
आई, कुठे सापडला?
हरवला होता का गं?

फाउंड्रीच्या वहीत काय लिहिलं असेल, कुणास ठाऊक.
पुढे अण्णा मला बेरीज शिकवायचे.
'हातचे दोन' म्हणत, उरलेली दोन बोटं वर करून
स्वतःच हसायचे.
मला हसू आलं नाही तर पुन्हा दाखवायचे.
शेवटचं अक्षर एस.

चार वाजून दहा मिनिटांनी डॉक्टरांचं उत्तर येतं.
एकच शब्द: राइट.
एक. एक्स. ए.
कशामुळे: धातुकामाचं यंत्र.
कुठे: कारखाना.
काय करताना: पगारासाठी काम.
बटण दाबलं की पडदा क्षणभर पांढरा होतो,
आणि त्यात मी दिसते, चष्मा, मफलर.

विसावी. बाई, वय चौतीस,
गाडीच्या दारात बोट.
इथे सगळं नीट लिहिलंय, कुणाला विचारायला नको:
डावा हात,
अनामिका.