मापांची वही

कोपरखैरणे, सेक्टर एकोणीस. खाली आईचं ब्लाउजचं दुकान,
वर पोटमाळ्यावर मी, टॅबलेट, आणि तांबट.
तांबट म्हणजे मालिकेतली ती, तांब्याचा मुखवटा लावून
रात्री पाण्याच्या टाक्यांवरून उड्या मारणारी.
चार वर्षं काढतोय तिला.
कधी नऊवारीत, कधी पावसाळी बुटांत,
एकदा तर आईच्या चिंध्यांतला खण बाहीला लावला.
ती आपल्या सगळ्यांची, असं आम्ही काढणारे एकमेकांना सांगायचो
आणि ते खोटं नव्हतं.

तिचं काम करणारी मुलगी मात्र ऐरोलीची. देवयानी मढवी.
मालिकेच्या आधीपासून ब्लाउज आमच्याकडेच शिवून घेते.

परवा एकाने विचारलं, किती घेशील?
तांबटच हवी, पण मुखवटा काढून,
चेहरा देवयानीचा, बाकीचं तू समजदार आहेस.
पाच हजार.
आणि पाठीवरचा तीळ विसरू नको.

मी नाही म्हटलं. चांगलं लांबलचक नाही.
पात्र वेगळं, माणूस वेगळं, वगैरे.
जेवताना आईला सांगितलं, फुशारकीनेच.
ती मांदेलीचे काटे काढत होती.
म्हणाली, दाखव तुझी तांबट.

दाखवली. टाकीच्या कठड्यावर बसलेली, पाठमोरी,
माझं सगळ्यात गाजलेलं चित्र.
आईने चष्मा कपाळावर नेला, पुन्हा खाली आणला.
"हा तीळ मालिकेत दिसतो?"

नाही दिसत.
दोन वर्षांपूर्वी बॉबिन द्यायला खाली आलो होतो,
पडद्याच्या चार कड्या तुटलेल्या.
डोळ्यांनी उचलला, हाताने ठेवला,
इतक्या सहज की चोरी वाटलीच नाही.
आता तो सगळेच काढतात,
नागपूरची एक मुलगी, सांगलीचे दोघे भाऊ.
तांबटला तीळ असतोच, असं ठरून गेलंय.

आई ओरडली नाही. ताट घासून ठेवलं.
तिच्या वहीत दोनशे बायकांचे दंड, छाती, कंबर,
वही गल्ल्याच्या खाली.
कधी एखादा नवरा येतो, गुपचूप भेट द्यायचीय म्हणतो,
आई म्हणते, तिलाच घेऊन या.
वही माझी. मापं तिची.

चित्र काढून टाकलं. म्हणजे माझ्याकडचं.
उसवलं तरी सुईची भोकं राहतात,
हे शिंप्याच्या पोराला कोणी सांगावं लागत नाही.
देवयानीला सगळं लिहिलं, तीनदा खोडून.
दोन निळ्या खुणा. उत्तर नाही.
रविवारी पडद्याच्या कड्या बदलल्या,
सात रुपयांना एक.

गुरुवारी ती आली.
मी बाहेर, रिक्षास्टँडकडे तोंड करून.
मशीन थांबलं.
"काकू, मागचा गळा
या वेळी दोन बोटं वर घ्या."

आतून पेन्सिलीला टोक केल्याचा आवाज आला,
मग बराच वेळ काहीच नाही.