चारशे सतरा

अक्षरं मी वॅगनींवर शिकले.
घुग्घुस. माजरी. राजूर. बल्लारपूर.
खडूनं लिहिलेली, पावसानं अर्धी पुसलेली.
शाळेत बाईंनी विचारलं, विदर्भ कुठं आहे,
तर मी खिडकीतून लोको शेडकडं बोट केलं.
वर्ग हसला. माझं फारसं चुकलं नव्हतं.
विदर्भ रोज येत होता मिरजेला,
ढिगानं.

शिदाप्पा, माझा बाप, कोळशाच्या फलाटावर.
घमेलं भरायचं, फळीवरून चढायचं, टेंडरमध्ये पालथं करायचं.
इंजिन मोठ्या रुळाचं असो की कुर्डुवाडीकडं जाणारं ते बुटकं,
घमेलं तेवढंच.
मुकादम खुणा करायचा वहीत.
बाप मोजायचाच नाही. म्हणायचा,
"मोजलं की जड हुतं."

आई राखखड्ड्यावर.
इंजिन झाडलं की लाल राख खाली,
राखेवर पाणी, पाण्याची वाफ,
आणि वाफेत वाकलेल्या सात-आठजणी.
फार हलका खडा मेलेला, फार जड तो दगड.
मधला घ्यायचा. डोळ्यांपेक्षा बोटांना कळायचं ते.
मधला मग पाटीतून गावात जायचा:
परटाच्या इस्त्रीत, खव्याच्या कढईखाली,
सतारमेकरांच्या गल्लीत दस्तगीरचाचांच्या शेगडीत,
जिथं सरस वितळायचा
आणि भोपळ्याला गळा चिकटायचा.
रात्री शेजारच्या रेडिओवर कुणी तानपुरा लावला
की आई भाकरी थापता थापता थांबायची.
"त्यात आमची बी एक पाटी हाय."

बिल्ला मला सापडला. ढिगात, टाचेला टोचून.
पितळी, रुपयाएवढा, वर भोक.
४१७.
खाली कुठल्याशा खाणीचं झिजलेलं अर्धं नाव.
मौला फायरमननं तो लुंगीला पुसून बघितला.
त्याचा मेहुणा होता तिकडं.
म्हणाला, असे दोन असतात.
एक खिडकीत ठेवून उतरायचं, एक अंगावर.
वर आल्यावर दोन्ही जुळले की माणूस घरी.
"मग ह्यो कोळशात कसा?" आईनं विचारलं.
मौलानं बिडी काढली, पेटवली नाही.
"खिशातनं पडला असंल," बाप म्हणाला.
"असंल," मौला म्हणाला.

दिव्यांच्या अवसेला आईनं राखेनं दिवे घासले,
पाटावर मांडले, शेवटी बिल्ला.
जिता का मेला ठाऊक नाही,
म्हणून त्याला हळद लावली
आणि कुंकवाचं बोट तसंच धरून बसली थोडा वेळ.
मग ते स्वतःच्या पदराला पुसलं.
दर वर्षी असंच.

पुढं मिशनच्या दवाखान्यात बापाच्या छातीचा फोटो काढला.
डॉक्टरांनी उजेडापुढं धरला.
मला वाटलं, काळं दिसतंय तो कोळसा.
"नाही, काळी आहे ती हवा," ते म्हणाले,
"हे पांढरं पांढरं आहे ना, ते."
बाप वाकून बघत राहिला,
जणू दुसऱ्या कुणाच्या घरात डोकावतोय.
जन्मात न मोजलेल्या माणसानं तेव्हा विचारलं,
"किती घमेली असतील, साहेब?"

आता एक बुटकं इंजिन
चौथऱ्यावर उभं केलंय, रंगवून.
पाटीवर त्याचं वजन आहे, साल आहे,
साता समुद्रापलीकडच्या कारखान्याचं नाव आहे.
मी टेंडरमध्ये हात घालून बघितला.
चिमणीचं गवत. वेफर्सचं पाकीट.
हात फिरवला कोपऱ्यापर्यंत.
काहीच लागलं नाही हाताला.

तिकिटाला रांग होती.
सुट्टे मोजून खिडकीतून सरकवले,
तर आतल्या पोरानं एक नाणं बाजूला काढलं,
उलटं केलं, सुलटं केलं,
आकडा वाचला
आणि खिडकीतून परत दिलं.
"मावशी, हा तुमचा."