पाचातली एक

मुफ्तीसाहेब नालबंद आमच्या कारखान्यात आले
ते भर मे महिन्यात, दुपारी दोनला.
छत्री मिटून दारात उभे राहिले
आणि बारा मागांच्या धडधडाटात काहीतरी बोलले.
ऐकू कुणाला येणार?
मी हातानं विचारलं, काय?
त्यांनी हातानंच सांगितलं, चालू दे.

विजापूर वेशीत त्यांची माडी, मला ठाऊक होती.
जिन्यावर चपलांचा ढीग,
वर चाळीस वर्षांचे प्रश्न:
फोनवर रागात बोललेला तलाक,
भिशीत येणारं व्याज,
नळाला पाचव्या दिवशी पाणी, तर वजूला किती तांबे.
उत्तर जांभळ्या शाईत. खाली सही.
सहीच्या वर एक ओळ, दर वेळी तीच:
बाकी खरं ते अल्लाह जाणे.

एकदा एकोणतिसाव्या रोजाला आभाळ भरून आलं.
बाजाराला ईद हवी होती,
दुधाचे कॅन येऊन पडले होते,
पुढाऱ्यांचे फोनवर फोन.
साहेब माईकवर आले, म्हणाले,
"चांद मैं नै देख्या. किसने देख्या, मेरेकू नै मालूम."
आणि बसले.
त्या रात्री किती दूध नासलं, त्याचा राग
किडवाई चौकात अजून धरलेला आहे.

तर दोन वाजता मी माग थांबवला.
ते म्हणाले, "मोमीनांच्या घरचं भांडण आहे.
बाप गेला. मागं दोन पोरं, एक पोरगी, चार माग.
पोरं म्हणतात, रुकय्याला लग्नात फ्रिज दिला, कपाट दिलं, झालं.
मी म्हटलं, फ्रिज फ्रिजच्या जागी, हिस्सा हिश्शाच्या जागी.
दोन, दोन आणि एक. पाचवा तिचा.
इथपर्यंत किताबात आहे.
पुढचं तुम्ही सांगा, तुम्ही जॉबर.
माग कापला तर काय विणतो?"

"काही नाही साहेब. भंगार विणतो."

ते हसले नाहीत.
धोटा उचलून तळहातावर तोलला.
दिवसाला चादरी किती, सुताचा भाव, विजेचं बिल,
कांड्या भरणाऱ्या बाईची मजुरी,
सगळं डायरीत उतरवलं.
सुताची लव दाढीत बसत गेली.
पांढऱ्यात पांढरी, दिसतही नव्हती.

नमाजाची वेळ झाली. मी नवी चादर पसरली.
त्यांनी विचारलं, "हिचा मालक कोण?"
मालक कोंड्याल शेट, गेलेले हैदराबादला.
त्यांनी चादरीची घडी घातली,
माझ्यापेक्षा नीट,
आणि खांद्यावरच्या रुमालावर उभे राहिले.

फैसला महिन्यानं कळला.
माग कापायचा नाही, विकायचाही नाही.
खर्च वजा जाता दर पाच चादरींत एक रुकय्याची,
अकरा वर्षांची बाकी हप्त्यानं.
थोरला भाऊ ओरडला, दुसरीकडून फतवा आणतो.
साहेब म्हणाले, "आण की. पाढे तिथंबी हेच असतील."
रुकय्या शास्त्रीनगरात अजून विड्या वळते,
पण महिन्याला एक गठ्ठा तिच्या दारात उतरतो.
कागदावर माझंही नाव आहे म्हणे:
माहीतगार, माग.
उर्दूत आहे. मला वाचता येत नाही.

एवढंच सांगून थांबलो असतो.
पण त्या दुपारी जाताना, छत्री उघडता उघडता,
त्यांनी सहज विचारलं होतं,
"तुम्हाला बहीण?"
"आहे. भिवंडीला."
"बापाचं घर होतं ना, अशोक चौकात?"
"हक्कसोड करून गेली. राजीखुशीनं. साडी नेसवली आम्ही."
"कसली साडी?"

मला आठवेना.

"तुमचा कायदा माझ्याकडं नाही," ते म्हणाले,
"मी आपलं विचारलं."
आणि उभे राहिले. घाई नव्हती त्यांना.

मी बटन दाबलं.
बारा माग एकदम सुरू झाले.
त्यांचे ओठ हलताना दिसले,
सलाम असेल, किंवा आणखी एक प्रश्न.
मी हातानं विचारलं नाही.